शनिवार दुपारचा दीड तास

अ‍ॅक्रन हे अमेरिकेतल्या ओहायो राज्यातलं टायरचं गाव. फायरस्टोन, गुडइयर, गुडरिच, जनरल ही सगळी नावं इथलीच. चिमण्यांच्या धुराला रबराचा वास होता आणि कारखान्यांत तीन पाळ्या चालत. याच गावात १९५८ साली एडी एलायस नावाच्या वकिलाने ३३ बोलिंगपटूंना एकत्र आणलं आणि त्यांची व्यावसायिक संघटना उभी केली. तिचं नाव पीबीए. पहिल्या मोसमात, १९५९ साली, तिच्या खात्यावर जेमतेम तीन स्पर्धा होत्या. पण १९६२ पासून एबीसी वाहिनी दर शनिवारी दुपारी ‘प्रो बोलर्स टूर’ दाखवू लागली आणि पुढची पस्तीस वर्षं, १९९७ पर्यंत, ती थांबली नाही. लाकडी लेनच्या टोकाशी दहा पिना, सोळा पौंडांपर्यंतचा चेंडू, समोरासमोर दोन खेळाडू. एवढ्या सामग्रीवर अमेरिकेतली कितीतरी घरं शनिवारी दुपारी टीव्हीसमोर बसत.

मला हे कळलं ते दोन म्हाताऱ्यांच्या तोंडून. एक माझे काका. माटुंग्याच्या यू.डी.सी.टी. या रसायन-तंत्रज्ञानाच्या संस्थेतून शिकून १९६९ मध्ये ते अ‍ॅक्रनला आले आणि रबराचे रसायनतज्ज्ञ म्हणून तिथेच निवृत्त झाले. दुसरे त्यांच्या शेजारचे आजोबा. त्यांचा जन्म ओहायोतलाच. सारी हयात त्यांनी बोलिंग सेंटरमधली पिना उभ्या करणारी यंत्रं दुरुस्त करण्यात घालवली. टीव्हीचं पथक गावात आलं की स्थानिक माणसांना हाताशी धरायचं, त्यात हे असायचेच. मी शिकायला तिकडे गेले तेव्हा सुट्टीचे दिवस काकांकडे जात. संध्याकाळी आजोबा कुंपणाच्या फाटकातून यायचे, काकू चहा टाकायची आणि एकाची गोष्ट दुसरा पुरी करायचा. त्या काळात टेप महाग, त्यामुळे पुसून पुन्हा वापरायची रीत टीव्हीच्या धंद्यात सर्रास होती. म्हणून जे पडद्यावर दिसलं आणि जे पडद्यामागे घडलं, त्यातलं बरंचसं आता अशा माणसांच्या आठवणींतच शिल्लक आहे.

आजोबांची सुरुवात नेहमी पिनांपासून व्हायची. लहानपणी ते स्वतः पिनबॉय होते. लेनच्या टोकाला खड्ड्यावरच्या कठड्यावर पाय वर घेऊन बसायचं, चेंडू येऊन आदळला की खाली उडी मारायची, पडलेल्या पिना उचलून उभ्या करायच्या आणि चेंडू परतीच्या घसरणीवर टाकायचा. पोटऱ्यांवर उडालेल्या पिनांचे वळ त्यांनी म्हातारपणीही बोट ठेवून दाखवले. १९५० च्या दशकात एएमएफ आणि ब्रन्सविक या कंपन्यांची स्वयंचलित यंत्रं आली आणि पोरांचं हे काम संपलं. आजोबा म्हणायचे, “यंत्र आलं नसतं तर टीव्ही आलाच नसता. पोरगा दमतो, यंत्र दमत नाही. टीव्हीला ठरल्या वेळी सगळं हवं असतं.”

त्यांचं म्हणणं खरं होतं. यंत्रामुळे खेळाचा वेग बांधला गेला, सेंटरं रात्रंदिवस चालू लागली आणि टीव्हीच्या लोकांना हा खेळ सोयीचा वाटू लागला. पाऊस नाही, वारा नाही, मैदान छपराखाली. चेंडू जातो तो साठ फुटांच्या एकाच वाटेने, त्यामुळे त्याच्यामागे कॅमेरा पळवावा लागत नाही. पीबीएच्या आधीपासूनच टीव्हीवर बोलिंगचे कार्यक्रम होते. एनबीसीवरच्या ‘जॅकपॉट बोलिंग’मध्ये १९६१ च्या जानेवारीत थर्मन गिब्सन या खेळाडूने लागोपाठ सहा स्ट्राइक टाकून, म्हणजे सहा वेळा एकाच फेकीत दहाही पिना पाडून, ७५,००० डॉलर जिंकले होते. पण तो तमाशा बक्षिसाचा होता. एबीसीने वेगळं काम अंगावर घेतलं. आठवडाभर चाललेल्या खऱ्या स्पर्धेचा शेवट लोकांना दाखवायचा आणि तो दीड तासात बसवायचा.

हा दीड तास बसवणं हीच या धंद्यातली सगळ्यात मोठी कारागिरी, असं आजोबांचं ठाम मत होतं. स्पर्धा सुरू व्हायची ती शेकडो फेकींच्या पात्रता-फेऱ्यांनी. त्यातून निवडलेले खेळाडू एकमेकांशी सामने खेळायचे, पडलेल्या पिनांची बेरीज आणि जिंकल्याबद्दलच्या जादा पिनांची बक्षिसी मिळून क्रम लागायचा. हे सगळं टीव्हीवर दाखवायचं तर प्रेक्षक पहिल्या तासात उठून गेला असता. म्हणून शिडीची पद्धत रूढ झाली. शेवटचे पाच खेळाडू शनिवारसाठी राखायचे. पाचवा आणि चौथा खेळणार, त्यातला विजेता तिसऱ्याशी, त्यातला दुसऱ्याशी आणि शेवटी जो उरेल तो पहिल्या क्रमांकाशी. एकूण चार सामने. आठवडाभर उत्तम खेळलेल्या माणसाला एकच सामना मिळायचा, तोही थंड हातांनी. आणि पाचव्या क्रमांकावरून आलेला गडी चौथ्या सामन्यापर्यंत पेटलेला असायचा. खेळ म्हणून हे पूर्ण न्याय्य नव्हतं हे आजोबांनाही मान्य होतं. पण गोष्ट म्हणून त्याला तोड नव्हती. पहिल्या मिनिटाला ज्याचं नावही ठाऊक नव्हतं, त्याच्यासाठी प्रेक्षक साठाव्या मिनिटाला जीव टांगणीला लावून बसायचा.

आणि हे सगळं थेट प्रक्षेपण. प्रक्षेपणाच्या गाडीत बसलेल्या निर्मात्याच्या एका हातात घड्याळ. सामने भराभर संपले तर वेळ भरून काढायची, रेंगाळले तर जाहिराती आणि गप्पा आखडत्या घ्यायच्या. खेळाडूला घाई कर म्हणता येत नव्हतं.

पथक आलं की सेंटरचं रूप पालटायचं. बाहेर ट्रक, दारातून आत शिरलेल्या मनगटाएवढ्या जाड केबली, छताला टांगलेले दिवे. खेळासाठी शेजारशेजारच्या दोनच लेन मोकळ्या ठेवायच्या. बाकीच्या लेनवर लाकडाला ओरखडा पडू नये म्हणून आधी आच्छादन घालायचं आणि त्यावर प्रेक्षकांसाठी पायऱ्यापायऱ्यांची बाकं उभारायची. ती बाकं उभारणाऱ्यांत आजोबा असायचे. त्यांना एक गोष्ट फार अभिमानाने सांगायची असे. “लेन आरशासारखी गुळगुळीत. दिवा जरा चुकीच्या कोनात लागला की कॅमेऱ्यात नुसती पांढरी रेघ. प्रकाशवाले शिडीवर चढून एकेक दिवा बोटभर हलवायचे आणि मी लेनवर उताणा पडून त्यांना सांगायचो.” एक कॅमेरा खेळाडूच्या पाठीमागे, एक बाजूला आणि एक पिनांच्या अंगाने थेट खेळाडूच्या चेहऱ्यावर रोखलेला. हा तिसरा सगळ्यात महत्त्वाचा. चेंडू हातातून सुटल्यावर पिनांवर पोहोचायला अडीचेक सेकंद लागतात. त्या वेळात खेळाडूला काहीही करता येत नाही. तो फक्त बघतो. आणि त्याचं ते बघणं घरोघरी दिसायचं.

एबीसीच्या क्रीडा विभागात त्या काळी रून आर्लेज यांचा शब्द चालायचा. मैदानातल्या माणसाचा चेहरा प्रेक्षकाच्या जवळ आणायचा, हे त्यांचं सूत्र. १९६१ मध्ये सुरू झालेल्या ‘वाइड वर्ल्ड ऑफ स्पोर्ट्‌स’ या कार्यक्रमातून ते सूत्र गाजलं. बोलिंगला ते जितकं लागू पडलं तितकं क्वचितच दुसऱ्या खेळाला पडलं असेल. इथे डोक्यावर शिरस्त्राण नाही, अंगावर चिलखत नाही, धूळ नाही. इस्त्रीची पँट, कॉलरचा शर्ट, पाठीवर नाव. कारखान्यातून घरी परतलेला माणूसही असाच दिसायचा.

१९७० ची गोष्ट दोघं मिळून सांगायचे. अ‍ॅक्रनच्या वेशीवर फेअरलॉनला रिव्हिएरा लेन्स नावाचं सेंटर आहे. फायरस्टोनच्या नावाने भरणारी ‘टूर्नामेंट ऑफ चॅम्पियन्स’ १९६५ पासून तिथे होत असे. पहिल्याच वर्षी विजेत्याला २५,००० डॉलर मिळाले. त्याच वर्षी गोल्फच्या मास्टर्स स्पर्धेच्या विजेत्याला मिळाले होते २०,०००. १९६७ मध्ये इथेच जॅक बिओंडोलिलोने पीबीएच्या टीव्हीवरच्या इतिहासातला पहिला पूर्ण ३०० गुणांचा डाव खेळला. म्हणजे लागोपाठ बारा स्ट्राइक. १९७० ला अंतिम सामना होता डॉन जॉन्सन आणि डिक रिट्गर यांच्यात. काका काळ्या-पांढऱ्या जुन्या टीव्हीसमोर, अमेरिकेत येऊन वर्षही झालेलं नाही. आजोबा तिथे हॉलमध्ये, बाकांच्या मागे उभे.

रिट्गरने २६८ गुण केले. एवढ्या गुणांवर माणूस एरवी आरामात जिंकतो. पण जॉन्सन स्ट्राइकमागून स्ट्राइक टाकत होता. अकरा झाले. सामना खिशात होताच. आता बारावा पडला तर ३०० गुण, १०,००० डॉलर वर आणि एक नवी कोरी मोटार. आजोबा सांगायचे, “शेकडो माणसं आणि मला छतातल्या पंख्याचा आवाज ऐकू येत होता.” चेंडू नेमका जायला हवा तिथेच गेला. पिना उडाल्या. आणि उजव्या कोपऱ्यातली दहावी पिन तशीच उभी राहिली. जॉन्सन पालथा पडला, तोंड लाकडाला टेकवून. २९९.

काका म्हणायचे, “मला त्या खेळाचे नियम धड माहीत नव्हते. पण तो माणूस पडला तेव्हा मी खुर्चीतून उठलो. जिंकलेला माणूस असा पडतो हे मी आधी कुठे पाहिलं नव्हतं.”  दाखवणाऱ्याने मध्ये न पडता नुसतं दाखवत राहणं, हे दोघांच्याही लेखी त्या दुपारचं मोठेपण होतं.

समालोचक होते क्रिस शेंकेल. इंडियानातल्या बिपस या खेड्यातले. आवाज मऊ, कुणाला खाली न दाखवणारा. काका सांगत की कारखान्यातलं बोलणं समजायला त्यांना वर्ष लागलं, पण शेंकेलचं इंग्रजी पहिल्या आठवड्यापासून कळत होतं. त्यांच्या जोडीला आधी बिली वेलू, जो स्वतः नावाजलेला खेळाडू होता. १९७४ मध्ये त्याचं निधन झालं आणि पुढच्या वर्षापासून नेल्सन बर्टन ज्युनिअर आला. तो शेवटपर्यंत राहिला. बर्टन समालोचन करत असतानाच खेळतही होता. १९७८ चं यू.एस. ओपन त्याने जिंकलं.

या जाणत्या जोडीदाराची गरज होती, कारण बोलिंगमधली सगळ्यात निर्णायक गोष्ट कॅमेऱ्याला दिसत नाही. लेनवर तेलाचा पातळ थर असतो. चेंडू तेलावर घसरतो आणि कोरड्या लाकडाला लागला की वळतो. खेळ पुढे सरकतो तसा चेंडू तेल सोबत घेऊन जातो आणि मगाचीच वाट आता वेगळी वागू लागते. त्यात वरून टीव्हीच्या दिव्यांची धग. सकाळच्या सरावात बसलेला हात दुपारी दिव्यांखाली चुकायचा. आजोबा म्हणत, “खेळाडू दोघं, पण खरा सामना लेनशी.” बर्टन हे न दिसणारं लोकांना समजेल असं सांगायचा: याने उभं राहायची जागा का बदलली, चेंडू का बदलला, हात का उशिरा सोडला.

इथे काकांची कळी खुलायची, कारण पुढची गोष्ट त्यांच्या प्रांतातली. १९७३ मध्ये डॉन मॅकक्यून नावाच्या खेळाडूने प्लॅस्टिकचे चेंडू मिथाइल इथाइल कीटोनमध्ये बुडवून ठेवायला सुरुवात केली. त्या द्रावकाने चेंडूचं कवच मऊ पडायचं, मऊ कवच लाकडाला जास्त धरायचं आणि चेंडू जोरात वळायचा. त्या वर्षी त्याने सहा स्पर्धा जिंकल्या आणि वर्षातला सर्वोत्तम खेळाडू ठरला. “अगं, एम.ई.के. आमच्या लॅबमध्ये बाटल्यांनी असायचं,” काका म्हणायचे. “वास आला की मला अजून तो मोसम आठवतो.” मग संघटनेने चेंडूच्या कडकपणाची किमान मर्यादा ठरवली: ड्युरोमीटरवर ७५. रबराचा कडकपणा मोजायचं हे काकांचं रोजचं हत्यार. परदेशातल्या एका खेळाचा नियम आपल्या टेबलावरच्या उपकरणाने मोजला जातो, याचा त्यांना जो आनंद झाला तो त्यांच्या सांगण्यात शेवटपर्यंत ताजा होता. त्यानंतर ते नुसते प्रेक्षक राहिले नाहीत. सहकाऱ्यांबरोबर ते लीगमध्ये खेळू लागले. गुण लिहायला काकू बसायची. प्रोजेक्टरवरच्या पारदर्शक कागदावर तिचे आकडे डोक्यावरच्या पडद्यावर मोठे होऊन उमटायचे, आणि बेरीज तिची कधी चुकायची नाही.

या खेळात यायला सगळ्यांना सारखी मुभा मात्र नव्हती, हेही आजोबांनी झाकून ठेवलं नाही. खेळाचे नियम ठरवणाऱ्या अमेरिकन बोलिंग काँग्रेसच्या घटनेत १९१६ पासून १९५० पर्यंत सदस्यत्व फक्त गोऱ्या पुरुषांसाठी राखलेलं होतं. काळ्यांच्या आणि कामगारांच्या संघटनांना ते कलम काढायला वर्षानुवर्षं झगडावं लागलं. कलम गेल्यावरही काळ्या खेळाडूने पीबीएची स्पर्धा जिंकायला १९८६ उजाडलं. तो खेळाडू जॉर्ज ब्रॅनहॅम तिसरा. १९९३ मध्ये त्यानेच अ‍ॅक्रनची टूर्नामेंट ऑफ चॅम्पियन्स जिंकली. आजोबा म्हणाले होते, “आम्ही पडद्यावर आमचे चेहरे दाखवत होतो. कुणाचे चेहरे दिसत नाहीत हे विचारायला आम्हाला फार वेळ लागला.” त्या दिवशी काका बराच वेळ गप्प होते. आपल्याला या देशाचं दार उघडून देण्यात अशा लढ्यांचा वाटा किती, याचा हिशेब त्यांच्या पिढीतल्या विचारी माणसांनी मनाशी ठेवलेला असतो.

थेट प्रक्षेपणाने उभे केलेले आणखी कितीतरी क्षण त्यांच्या बोलण्यात यायचे. १९८० च्या जानेवारीत मार्क रॉथने सात-दहाचा स्प्लिट साधला. मागच्या ओळीच्या दोन टोकांना दोनच पिना उरलेल्या आणि एका चेंडूत दोन्ही पाडायच्या. राष्ट्रीय टीव्हीवर असं घडण्याची ती पहिली वेळ. १९९१ मध्ये डेल बॅलार्डला शेवटच्या फेकीत सात पिना पुरेशा होत्या. चेंडू सरळ लेनच्या कडेच्या गटारात गेला आणि पीट वेबर २१३ विरुद्ध २०७ असा जिंकला. आजोबा हे सांगताना हसत नसत. अशा माणसावरून कॅमेरा कधी काढायचा हे ठरवायला चांगलं काळीज लागतं, असं ते म्हणायचे.

मग उतार लागला. १९८० च्या दशकात अ‍ॅक्रनमधलं टायरचं उत्पादन आटलं. फायरस्टोनचं मुख्यालय १९८७ मध्ये शिकागोला हललं आणि पुढच्या वर्षी कंपनी जपानच्या ब्रिजस्टोनकडे गेली. पाळ्या बंद झाल्या तशा पाळी सुटल्यावर खेळणाऱ्या लीग विरळ झाल्या. रॉबर्ट पुटनम या अभ्यासकाने १९९५ मध्ये जे दाखवून दिलं ते आजोबांनी आधीच आपल्या यंत्रांवर मोजलं होतं: १९८० ते १९९३ या काळात अमेरिकेत बोलिंग खेळणारे सुमारे दहा टक्क्यांनी वाढले, पण लीगमध्ये खेळणारे चाळीस टक्क्यांनी घटले. लोक खेळत होते, पण दर आठवड्याला ठरल्या वारी, ठरल्या माणसांबरोबर नाही. जाहिरातदारांना तरुण प्रेक्षक हवे होते. २१ जून १९९७ ला एबीसीने शेवटचं प्रक्षेपण केलं. शेंकेल आणि बर्टन यांनीच निरोप घेतला.

लोक म्हणतात, टीव्हीने बोलिंग मोठं केलं आणि टीव्हीनेच सोडलं. दोन म्हाताऱ्यांचं ऐकल्यावर मला ते अपुरं वाटतं. शनिवारच्या दीड तासाला ताकद मिळत होती ती मंगळवारच्या, गुरुवारच्या लीगमधून. पडद्यावरचा खेळाडू जी फेक करायचा ती बघणाऱ्याने त्याच आठवड्यात स्वतः करून पाहिलेली असायची, आणि बहुधा चुकवलेलीही. म्हणून त्याला त्या अडीच सेकंदांचं वजन कळायचं. निर्माते, प्रकाशवाले, केबली ओढणारे, यंत्रामागे बसलेले आजोबा या सगळ्यांनी त्या अनुभवाला मान दिला. कामगारांच्या खेळाला त्यांनी गोल्फच्या तोडीचा प्रकाश दिला, स्वच्छ चित्र दिलं, सौम्य आवाज दिला आणि त्याची खिल्ली उडवली नाही. लीग विरल्या तेव्हा चित्र बिघडलं नव्हतं; ते ओळखणारे हात कमी झाले होते.

आज कुठल्याही खेळाचं प्रक्षेपण उभं करणाऱ्याला अ‍ॅक्रनकडून शिकण्यासारखं हेच आहे. कॅमेरे कितीही वाढवा, पण बघणाऱ्याने आयुष्यात एकदा तरी तो चेंडू हातात घेतलेला असू द्या. त्यासाठी त्याच्या गल्लीत, त्याला परवडेल अशा दरात, त्याच्या कामाच्या वेळा सांभाळून खेळायची जागा लागते. ती जागा राखणं हे प्रक्षेपणाच्या कामाचाच भाग आहे. काका आणि आजोबा ज्या पिढीचे, तिला ही जागा मिळाली होती, आणि तिच्या बळावर अ‍ॅक्रनमधल्या कामगारांना पस्तीस वर्षं टीव्हीवर आपल्यासारखी माणसं बघता आली.